पार्किंगचा कोबा, माझा ऑइल पेंट आणि आण्णांची शहाबादी

आधी शब्दाचा घोळ मिटवतो. सांगलीत कुणाला "गॅरेजच्या फरशीला कोटिंग करतोय" असं सांगितलं की तो विचारतो, गॅरेज कधी टाकलंस रे, शंभर फुटी रोडला का? कारण आपल्याकडं गॅरेज म्हणजे जिथं गाडी खोलून ठेवतात आणि "संध्याकाळी या की" म्हणतात ते. आमच्याकडं जे आहे त्याला आम्ही पार्किंगच म्हणतो. घराच्या अंगाला तीन बाजूंनी भिंत, वर स्लॅब, पुढं शटर, ११ फूट बाय १८ फूट. त्यात एक वॅगनआर, एक स्प्लेंडर, माझ्या वडिलांची, म्हणजे आण्णांची, चेतक (चालत नाही, पण विकायचं नाव काढायचं नाही), वॉशिंग मशीन, ज्वारीचं पिंप आणि माळ्यावर न मावलेलं सगळं सामान. तर या जागेच्या जमिनीवर मी दोनदा पैसे घातले. पहिल्यांदा वाया गेले, दुसऱ्यांदा बऱ्यापैकी कारणी लागले, आणि मधल्या काळात जे कळलं ते लिहून ठेवतोय, कारण ऑफिसात दोघातिघांनी विचारलं आणि प्रत्येकाला चहावर अर्धा तास सांगायचा आता कंटाळा आला.

घर शामरावनगरात. सांगलीकरांना एवढं सांगितलं की पुढचं सांगायला लागत नाही. काळी माती, सखल भाग, पावसाळ्यात प्लॉटात पाणी आणि बेडकं. आण्णांनी एसटीच्या वर्कशॉपमधून रिटायर झाल्यावर इथं घर बांधलं, घराचं जोतं चांगलं उंच घेतलं पण पार्किंग रस्त्याच्या लेव्हलला ठेवलं, गाडी चढायला नको का. खाली मुरूम, सोलिंग (दगडांचा थर), त्यावर सिमेंटचा कोबा आणि वर निरू (बारीक लेप) मारून घोटून एकदम गुळगुळीत. त्या काळी गवंडी अभिमानानं सांगायचा की तोंड दिसंल बघा यात. जमिनीची ओल वर येऊ नये म्हणून कोब्याच्या खाली प्लास्टिकचा कागद टाकायची पद्धत तेव्हा आमच्याकडं तरी नव्हती, कुणाच्या डोक्यातही आलं नाही. हा कागद पुढं फार महत्त्वाचा आहे म्हणून आत्ताच सांगून ठेवतो.

मग २०१९ चा ऑगस्ट, महापुराचा. कृष्णेवरच्या इर्विन पुलाजवळ इशारा पातळी ४० फूट आणि धोका पातळी ४५ फूट, हे इथल्या पोरांना पाढ्यासारखं पाठ असतं, त्या वर्षी पाणी ५७ फुटांवर गेलं. आमच्या पार्किंगमध्ये मांडीपर्यंत पाणी कितीतरी दिवस उभं होतं. उतरल्यावर गाळ काढला, धुतलं, वाळलं. आणि पुढच्या हिवाळ्यापासून कोब्यावर पांढरी भुकटी यायला लागली. झाडलं की जाते, आठ दिवसांत परत येते. लोणा. भिंतीला लागतो तसाच जमिनीला. खालून पाणी वर येतं, येताना क्षार घेऊन येतं, पाणी उडून जातं आणि क्षार वर बसतात. हे मला आता माहीत आहे, तेव्हा मी त्याला "धूळ" म्हणायचो.

मी कुपवाड एमआयडीसीत एका कंपनीत स्टोअर्सला आहे. आमच्या शॉप फ्लोअरला हिरवं इपॉक्सी (दोन भाग कालवून लावायचं कडक कोटिंग) मारलंय, फोर्कलिफ्ट फिरते, ऑइल सांडतं, पुसलं की साफ. रोज ते बघून बघून डोक्यात बसलं की घरच्या पार्किंगला पण असं काहीतरी पाहिजे. पण इपॉक्सीचा खर्च ऐकून म्हटलं आधी साधं करून बघू. दिवाळीच्या तोंडावर रंग द्यायला आलेले पेंटर मामा म्हणाले, साहेब, ग्रे ऑइल पेंटचे दोन हात मारून देतो, आरशासारखं होतंय बघा. मी म्हटलं मारा. आण्णा आतून ओरडले, "अरे शहाबादी टाक की गप!" ऐकतंय कोण.

दोन हात मारले आणि खरंच आरसा झाला. मी फोटो काढून स्टेटसला टाकला. भावजींनी विचारलं, टाइल्स कुठल्या?

संक्रांतीच्या आधीच चारी चाकांखालचा रंग टायरला चिकटून निघाला. बरोबर टायरच्या रुंदीचे चार चौकोन. बाकी ठिकाणी फुगे आले, नख लावलं की पोपडा सुटायचा आणि पोपड्याच्या खालची बाजू चिकट, ओली, साबणाच्या चुऱ्यासारखी. मी पेंटर मामांना फोन केला, ते म्हणाले गाडी लवकर लावली असणार. मला पण तेच वाटलं. नंतर कळलं की मामांची काही चूक नव्हती, चूक रंगाच्या जातीत होती आणि मुहूर्तात होती.

ती कशी कळली ते सांगतो, कारण तो प्रसंग मला फार आवडतो. पोरगी सातवीत. शाळेत दर्शक शिकवले होते, आम्ल आणि आम्लारी ओळखायचं, तर घरी तिनं हळदीच्या पाण्यात कागद बुडवून वाळवून पट्ट्या केल्या. लिंबू लावून बघ, साबण लावून बघ. हळदीच्या गावात हा प्रयोग फुकटचाच. कार्टीनं एक पट्टी पार्किंगमधल्या ओल्या कोब्यावर दाबली, जिथला रंग सोलून निघाला होता तिथं, आणि पट्टी लालभडक. हळदीला चुना लागला की कुंकू होतं, तोच खेळ. म्हणजे सिमेंटमधून जी ओल वर येत होती ती चुन्याच्या निवळीसारखी, चांगली कडक आम्लारी. आणि ऑइल पेंट म्हणजे मुळात तेलापासून केलेलं. तेल अधिक आम्लारी म्हणजे काय होतं हे ज्याच्या आजीनं घरी साबण केलाय त्याला सांगायला नको. मी कोब्यावर दोन हात रंग मारला नव्हता, कोब्याला साबण करायला तेल दिलं होतं. त्यात दिवाळी म्हणजे पावसाळा नुकताच संपलेला, आमच्या भागात तेव्हा जमिनीतलं पाणी पार वर असतं. मुहूर्तसुद्धा बरोबर ओलीचा साधला होता.

तिथून मी नीट वाचायला लागलो, आमच्या मेंटेनन्सवाल्यांना विचारलं, फ्लोअरिंगची कामं घेणारा एक कॉन्ट्रॅक्टर कंपनीत यायचा त्याला चहा पाजला. तो माणूस पहिल्याच वाक्यात म्हणाला, सर, तुम्ही वरून काय लावायचं विचारताय, मी विचारतो खालून काय येतंय. म्हटलं हे आधी कुणी का सांगितलं नाही. (आण्णा सांगत होते, पण त्यांच्या भाषेत.)

तर ओल बघायची फुकटातली टेस्ट. जाडसर पारदर्शक प्लास्टिकचा दीड फूट बाय दीड फूट तुकडा घ्यायचा, कोब्यावर पसरून चारी कडा चिकटपट्टीनं अशा बंद करायच्या की हवा जाणार नाही, आणि किमान १६ तास तसाच ठेवायचा. अमेरिकन स्टँडर्डमध्ये ही टेस्ट आहे, एएसटीएम डी ४२६३ म्हणून, पण करायला लागतो तो प्लास्टिकचा तुकडाच. उचलल्यावर आतून थेंब दिसले किंवा खालचा कोबा काळपट पडला असेल तर ओल येतेय, विषय संपला. एकाच जागी करायची नाही, तीनचार ठिकाणी करायची. आणि आता कोरडं निघालं म्हणजे ऑगस्टमध्ये पण कोरडं राहील असं नाही, हे त्या टेस्टला सांगता येत नाही, ते आपलं आपल्याला माहीत पाहिजे. किती ग्रॅम ओल येते हे मोजायचं असेल तर कॅल्शियम क्लोराइडची टेस्ट असते, तीन दिवस चालते, पण घरच्या पार्किंगला मी त्या भानगडीत पडलो नाही.

जानेवारीत मी चार तुकडे लावले. बायको म्हणाली, हे काय, पार्किंगला प्लास्टर लावलंय का? दुसऱ्या दिवशी चारही तुकड्यांच्या आत थेंब, आणि मागच्या कोपऱ्यातल्या तुकड्यात तर नुसतं तळं. जानेवारीत, जेव्हा बाहेर अंगाचं कातडं फुटतंय इतकी हवा कोरडी. मग त्या कोपऱ्यामागं लागलो. भिंतीपलीकडं वॉशिंग मशीनच्या आणि मोरीच्या पाण्याचं चेंबर. झाकण काढून बघितलं तर आतल्या प्लास्टरला एवढी मोठी भेग, रोजचं मोरीचं पाणी सरळ माझ्या कोब्याखाली. किती वर्षं चाललं होतं देवाला माहीत. मी सगळं खापर कृष्णामाईवर फोडत होतो आणि चोर घरातच. गवंड्याला बोलावून चेंबर आतून परत केलं, पाइप बदलला आणि गप बसलो. पुढं काही करायचंच नाही, फक्त वाळू द्यायचं, हे मला सगळ्यात अवघड गेलं.

इथं एक मनात आलेलं सांगतो, मुद्द्याला सोडून आहे. आमच्यापासून जवळच हरिपूर, तिथं पूर्वी हळदीची पेवं असायची, जमिनीत खोल खड्डे, त्यात हळद वर्षानुवर्षं ठेवायचे आणि ती कोरडीठाक राहायची, तिथल्या मातीचा गुणच तसा. २००५ च्या पुरात पाणी शिरलं आणि पुष्कळ पेवं गेली. म्हणजे नदीच्या काठावर, जमिनीच्या पोटात, लोकांनी हळद कोरडी ठेवून दाखवली, आणि मी जमिनीच्या वर चार इंच कोबा कोरडा ठेवू शकलो नाही. जागा बघून काम करणं म्हणतात ते हेच असावं. असो.

वाळत होतं तोवर काय लावायचं हे ठरवत बसलो. टाइल्स हा सगळ्यात सोपा पर्याय, पार्किंग टाइल्स जाड आणि खरबरीत येतात, पण गाडीचं वजन यायच्या आधी खालचा मसाला पूर्ण भरलेला पाहिजे, पोकळ राहिलं की जॅक लावताना तडकतात, आणि आमची लेव्हल अजून वर जाऊन शटर बसलं नसतं. पेव्हर ब्लॉक उघड्या अंगणाला मस्त, पण ऑइल पितात. डेन्सिफायर म्हणून एक प्रकार कळला जो मला खरं तर फार आवडला. सिलिकेटचं पाण्यासारखं द्रावण कोब्यात मुरतं, सिमेंटमध्ये जो मोकळा चुना उरलेला असतो त्याच्याशी मिळून आत कडक होतं, पृष्ठभाग घट्ट होतो, धूळ सुटायची थांबते. वर थर असा बसतच नाही त्यामुळं सोलायचा प्रश्न नाही आणि खालची वाफ निघून जाऊ शकते. ओलसर जागेला हाच शहाणपणाचा पर्याय. पण ऑइलचे डाग ते पूर्ण रोखत नाही आणि दिसायला कोबा कोबाच राहतो. मला चमक पाहिजे होती, खरं ते सांगतो.

इपॉक्सीचे पण प्रकार निघाले. पाण्यावरचं इपॉक्सी स्वस्त, वास कमी, पण वाळून थर पातळ होतो. ज्यात पाणी किंवा सॉल्व्हंट काहीच उडून जात नाही ते शंभर टक्के सॉलिडवालं, महाग, पण जेवढं ओतलं तेवढं राहतं. पॉलिअ‍ॅस्पार्टिक म्हणजे इपॉक्सी नव्हे, वेगळीच जात, पण सगळ्यात भारी, उन्हात पिवळं पडत नाही, काही तासांत चालता येतं, पण तेवढंच झटपट आवळतं, नवख्या माणसाचं रोलर हातातच राहायचं. ते मी सोडून दिलं. एक हिशोब मात्र सगळ्यांनी शिकून ठेवावा, दुकानदार गंडवू शकत नाही: १ लिटर माल १ चौरस मीटरवर पसरला तर बरोबर १ मिलिमीटर थर होतो. म्हणजे १०० मायक्रॉनला (मिलिमीटरचा दहावा भाग) १ लिटरमध्ये १० चौरस मीटर. माझी जागा १९८ स्क्वेअर फूट, म्हणजे साडेअठरा चौरस मीटरच्या आतच. २०० मायक्रॉन पाहिजे तर पावणेचार लिटर, वाया जाणारं धरून साडेचार. गणपती पेठेत मला एकानं "एक लिटरात सगळं होतंय की" सांगितलं. होईल की, पण पन्नास मायक्रॉनचं. माणसाचा केस त्याच्यापेक्षा जाड असतो.

मार्चच्या पहिल्या आठवड्यात परत चार तुकडे. तीन कोरडे! मागच्या कोपऱ्यातला आतून धूसर, थेंब नाहीत पण वाफ धरल्यासारखा. परत आठ दिवसांनी लावला, परत धूसर. मग मी ठरवलं की त्या कोपऱ्यातली चार बाय सहाची जागा सोडायची. कॉन्ट्रॅक्टर म्हणाला ओलीवर चालणारा प्रायमर येतो, तो मारून रेटता येईल. येतो, खरं आहे. पण एकदा हात पोळलेला माणूस मी. ती जागा मोकळी ठेवली आणि तिथं काय करायचं ते नंतर बघू म्हटलं.

आता घासाई. ही सगळ्यात कंटाळवाणी पायरी आणि सगळं यश यातच आहे. आधी जुना रंग. पत्रीनं खरवडून दोन रविवार गेले. मग ऑइलचे डाग. चेतक जिथं उभी असते तिथं वर्षानुवर्षं टपटप पडून कोबा काळा झालेला. वखारीतून लाकडाचा भुसा आणून टाकला, मग धुण्याचा सोडा आणि गरम पाणी, तारेचा ब्रश, परत, परत, चार वेळा. आण्णा खुर्ची टाकून बघत होते, म्हणाले वर्कशॉपात आम्ही असंच करायचो, फक्त तुझ्यासारखं तोंड करायचो नाही.

मग ऍसिड. ऍसिडनं कोब्याची वरची मऊ साय जाते आणि पृष्ठभाग सँडपेपरसारखा खरबरीत होतो, रंगाला धरायला जागा मिळते. ऍसिड पाण्यात ओतायचं, पाणी ऍसिडात नाही, गमबूट, हातमोजे, चष्मा, शटर पूर्ण उघडं. एक गोष्ट मला कुणी सांगितली नाही ती मी सांगतो: सगळं लोखंड आधी बाहेर काढा. मी गाड्या बाहेर काढल्या पण पोरीची सायकल भिंतीला टेकलेली तशीच राहिली, दोन दिवसांत चेन तांबूस, आणि शटरच्या पट्टीला पण गंजाचे ठिपके. नुसत्या वाफेनं. आणि एवढं करून काय, निरू मारून घोटलेला कोबा तो, ऍसिडनं जेमतेम अर्धा खरबरीत झाला, जिथं ऑइल मुरलेलं होतं तिथं तर ऍसिड चावलंच नाही. पाण्याचा थेंब टाकून बघायचा, मिनिटाच्या आत कोब्यानं पिला तर ठीक, मोत्यासारखा उभा राहिला तर अजून घासा. निम्म्या जागेत मोतीच मोती. शेवटी कॉन्ट्रॅक्टरकडून डायमंड व्हीलचं ग्राइंडर आणि व्हॅक्यूम भाड्यानं आणलं. आधीच आणलं असतं तर ऍसिडची सगळी कटकट वाचली असती, माझ्या मतानं घरच्या माणसानं ऍसिडच्या वाटेला जाऊच नये, सरळ ग्राइंडर. फक्त सिमेंटची धूळ छातीला फार वाईट, रुमाल बांधून भागत नाही, चांगला मास्क पाहिजे. ऍसिड धुतल्यावर ते पूर्ण गेलं का बघायला परत हळदीची पट्टी. पिवळी राहिली तर ऍसिड अजून आहे असं समजून परत धुवायचं. तिसऱ्या धुण्याला पट्टी लाल झाली, म्हणजे कोबा आपल्या मूळ स्वभावावर आला. इपॉक्सीचं ऑइल पेंटसारखं नाही, त्याला ही आम्लारी सोसते. पोरीनं याचे दहा रुपये घेतले.

भेगांचं पण सांगतो. काळ्या मातीवरचं घर श्वास घेतं, पावसाळ्यात माती फुगते, उन्हाळ्यात आवळते. आमच्या मधल्या लांब भेगेत मे महिन्यात पोस्टकार्ड जायचं आणि सप्टेंबरात जायचं नाही. अशा हलत्या भेगेत इपॉक्सीची पुट्टी भरली तर शेजारी दुसरी भेग पडणार. तिथं रबरासारखा पीयू (पॉलियुरेथेन) सीलंट भरला. बाकीच्या बारीक केसासारख्या भेगा ग्राइंडरनं थोड्या रुंद करून पुट्टीत बारीक वाळू कालवून भरल्या. झालं.

मुख्य कामाचा दिवस. मार्चचा तिसरा आठवडा, मी सुट्टी टाकली, मदतीला शेजारचा पोरगा, आयटीआयचा, हुशार. सकाळी नाही, संध्याकाळी पाचला सुरू केलं, मुद्दाम. दिवसा कोबा तापत जातो तशी त्याच्या बारीक भोकांतली हवा फुगून वर येते आणि ओल्या कोटिंगमध्ये फोड उठतात. संध्याकाळी कोबा थंड होत असतो, हवा आत ओढली जाते, माल पण आत खेचतो. फक्त फार रात्र नको, कोबा हवेतल्या दवबिंदूपेक्षा किमान ३ अंश गरम पाहिजे, नाहीतर त्याच्यावर दव धरतं. मार्चमध्ये आमच्याकडं तो धोका नव्हता. एप्रिल मे मध्ये उलटा त्रास, उन्हाळ्यानं माल डब्यातच उकळतो.

उकळतो हे मी अक्षरशः म्हणतोय. ए आणि बी भाग, म्हणजे रेझिन आणि हार्डनर, एकत्र केले की आतून उष्णता सुटते. बादलीत साठून राहिला की ती उष्णता बाहेर पडत नाही, मग अजून जोरात, मग अजून. डब्यावर ३० मिनिटं लिहिलेलं. पहिला घोळ करून आम्ही बादली बाजूला ठेवून कडेचं ब्रशनं काम करत बसलो, आणि वीस मिनिटांनी पोरगा म्हणाला, काका, बादलीतनं धूर येतोय. बघतो तर आत मध गोठल्यासारखा दगड आणि प्लास्टिकची बादली एका बाजूनं वितळून पडलेली. प्रायमरचे पैसे गेले. तेव्हापासून कालवलं की लगेच जमिनीवर ओतायचं, पट्टा पट्टा, आणि मग रोलर. जमिनीवर पसरला की पातळ थरात उष्णता निघून जाते, वेळ बराच मिळतो. आणि कालवताना अंदाजपंचे नाही, डब्यावरचं प्रमाण म्हणजे प्रमाण. साध्या रंगात टर्पेंटाइन कमीजास्त झालं तर चालतं. इथं हार्डनर कमी पडला तर ते कायमचं चिकट राहतं, जास्त घातला तर लवकर वाळेल असं पण नसतं.

प्रायमर, दुसऱ्या संध्याकाळी कोट, त्याच ओल्या कोटवर रंगीत चिप्स उडवायच्या. मूठ भरून वर हवेत फेकायच्या म्हणजे सारख्या पडतात. पोरगी म्हणाली भडंग सांडल्यासारखं दिसतंय, आणि खरंच, पिवळसर तपकिरी मिक्स घेतलेलं, हुबेहूब भडंग. आण्णांसाठी त्यातच बारीक सिलिका वाळू पण भुरभुरली. हा मुद्दा मी हसण्यावारी नेणार नाही. गुळगुळीत इपॉक्सीवर पाणी पडलं की बर्फ होतो, आणि घरात पंचाहत्तरीचा माणूस चप्पल घालून येजा करतो. चमक थोडी गेली, जाऊ दे. आता आईची तक्रार, शटरच्या तोंडाशी रांगोळी काढली की कणाकणात बसते, झाडून निघत नाही.

रात्री लाइट लावून काम केलं तर काय होतं ते पण कळलं. ट्यूबखाली चिलटं. सकाळी बघितलं तर त्या एका पट्ट्यात शेपन्नास चिलटं कायमची जडवलेली. भडंगात मिरी म्हणून खपून जातात.

टॉप कोटला मात्र चूक केली, माझीच. इपॉक्सीला ऊन सोसत नाही, पिवळं पडतं. आमचं शटर पश्चिमेला, दुपारनंतर पुढच्या पाच फुटात ऊन आत येतं. म्हणून त्यावर पीयूचा टॉप कोट मारायचा. पैसे वाचवायला मी पीयू फक्त पुढच्या सहा फुटात मारला. उन्हाचा बंदोबस्त झाला, पण आता मधोमध एक रेषा दिसते, इकडं एक चमक तिकडं दुसरी, आणि येणारा प्रत्येक माणूस विचारतो ही रेषा कसली. मारायचा तर पूर्ण मारा.

आठ दिवस गाडी बाहेर. चोवीस तासांत चालता येतं, पण गरम टायर घेऊन गाडी आत घालायची म्हणजे पूर्ण पक्कं व्हायला पाहिजे, गरम टायर कच्च्या थराला धरून उचलतो, साबण होऊन मऊ पडलेल्या माझ्या ऑइल पेंटला पण टायरनं असंच उचललं होतं. या वेळी आठव्या दिवशी गाडी लावली, दुसऱ्या दिवशी पुढं घेतली, गुडघ्यावर बसून चारी जागा हातानं तपासल्या. काही नाही. एकदा शेजारच्या वहिनींनी हळदीचं पोतं दोन दिवस ठेवायला दिलं, ते फाटकं निघालं, पुढच्या भागात पिवळा डाग पडला, माझं काळीज हललं. पुसून गेला नाही. पण तिथं ऊन येत होतं, पंधरा दिवसांत आपोआप उडाला. हळदीचा रंग उन्हात टिकत नाही, हे आईला माहीत होतं, मलाच नव्हतं.

आणि तो मागचा कोपरा. चार बाय सहा. शेवटी गवंडी मामांना बोलावलं आणि शहाबादी टाकली, सांधे सिमेंटनं न भरता वाळूनं भरले, खालची वाफ निघायला वाट राहावी म्हणून. आण्णांनी स्वतः उभं राहून लेव्हल बघितली. चेतक त्यावर गेली. आता ते येणाऱ्याजाणाऱ्याला सांगतात, हे माझं, ते त्याचं. ऑइल अजून गळतंय, शहाबादीवर डाग पडलेत, त्यांना काही वाटत नाही.

हे लिहितोय तेव्हा ऑगस्ट चालू आहे, कोयनेतून पाणी सोडलंय, सगळं गाव मोबाइलवर इर्विनची पातळी बघतंय. काल रात्री मी इपॉक्सी आणि शहाबादी जिथं मिळते त्या कडेला, शहाबादीच्या बाजूला, प्लास्टिकचा एक तुकडा चिकटवलाय. आण्णांनी बघितलं, काही बोलले नाहीत, जाताना चिकटपट्टीचं एक सुटलेलं टोक पायानं दाबून गेले. उद्या सकाळी उघडणार.